परक्यांची घरे बांधणारा: ऑटो हुंटेचे प्रकरण

२४ सप्टेंबर १९४० रोजी बर्लिनच्या 'उफा-पालास्ट आम झू' या भव्य चित्रपटगृहात 'यूड झ्यूस' लागला. गोबेल्सच्या प्रचार मंत्रालयाने आग्रहाने करवून घेतलेला, ज्यूंचा द्वेष शिकवणारा हा चित्रपट युद्धकाळात सुमारे दोन कोटी लोकांनी पाहिला. १५ ऑक्टोबर १९४६ रोजी त्याच शहराच्या सोव्हिएत विभागात 'डी म्योर्डर झिंड उंटर उन्स', म्हणजे 'खुनी आपल्यातच आहेत', हा युद्धोत्तर जर्मनीचा पहिला कथापट दाखवला गेला. युद्धातले गुन्हेगार सभ्य नागरिक होऊन उजळ माथ्याने वावरत आहेत, हा त्याचा विषय. या दोन्ही चित्रपटांच्या श्रेयनामावलीत सेटच्या नोंदीखाली एक नाव सारखेच आहे: ऑटो हुंटे. त्याही आधी, १९२७ मध्ये, 'मेट्रोपोलिस' या भविष्यातल्या महानगरावरच्या मूकपटाच्या नामावलीत हेच नाव होते.

प्रॉडक्शन डिझाइन शिकणाऱ्यांपुढे हुंटेचे नाव येते ते 'मेट्रोपोलिस'मुळे, आणि बहुधा तिथेच थांबते. पुढची वीस वर्षे कुणी उलगडून दाखवत नाही. दाखवलीच, तर दोन तयार निकाल असतात. एक, तो कारागीर होता, सांगितले ते बांधले. दुसरा, तो संधिसाधू होता, वारा येईल तशी पाठ फिरवली. हे दोन्ही निकाल सेटकडे न बघता देता येतात, आणि माझी हरकत नेमकी तिथेच आहे. हुंटेच्या मनात काय चालले होते हे इथे मोजायचे नाही. त्याने काय बांधले, ते पडद्यावर काय म्हणत होते आणि ते म्हणण्याची रीत त्याने कुठे कमावली, एवढेच पाहू.

वोल्टर्सडॉर्फचा हिंदुस्थान

हुंटेचा जन्म ९ जानेवारी १८८१चा, हॅम्बुर्गचा. धंद्याने तो नाटकांचे पडदे रंगवणारा नेपथ्य-चित्रकार. सिनेमात आला तेव्हा चाळिशीला टेकला होता. पहिले महायुद्ध हरलेल्या जर्मनीत मार्क घसरत होता, मजुरी स्वस्त होती, आणि प्रेक्षकांना घरापासून शक्य तितके लांब जायचे होते. निर्माता-दिग्दर्शक यो माय याने हे बरोबर हेरले. त्याच्या 'डी हेरिन डेअर वेल्ट' या आठ भागांच्या चित्रपटात नायिका जगभर भटकते, आणि ते जग बर्लिनच्या आसपास उभे केलेले असते. सेटचा मुख्य मार्टिन याकोबी-बॉय. त्याच्या हाताखाली हुंटे होता, आणि त्याच्यासोबत पुढे आयुष्यभर त्याच्या नावाशी जोडले गेलेले दोघे, एरिख केटेलहूट आणि कार्ल फोलब्रेख्ट.

याच सुमारास, पुढे 'मेट्रोपोलिस' करणारा दिग्दर्शक फ्रिट्झ लांग याच्या 'डी श्पिनेन'साठी हुंटेने काम केले. ही खजिन्यांची, गुप्त टोळ्यांची साहसकथा, म्हणजे जंगलही हवे आणि प्राचीन मंदिरही. हॅम्बुर्गमध्ये अशा वस्तूंची कमतरता नव्हती. दूरदेशींचे मुखवटे, शस्त्रे, मूर्ती गोळा करून विकणारे उमलाउफ घराणे तिथलेच, आणि हाइन्रिख उमलाउफचे नाव या चित्रपटाच्या कलाविभागात आहे. वसाहतींच्या व्यापारातून आलेला माल आता सेटवर मांडला जात होता. ही बारकी गोष्ट वाटेल, पण उमलाउफ पुन्हा भेटणार आहे.

१९२१ मध्ये आला 'दास इंडिशे ग्राबमाल', म्हणजे 'भारतीय समाधी'. पटकथा लांग आणि थेआ फॉन हार्बो यांची, मूळ कादंबरी हार्बोची, दिग्दर्शन यो मायचे. एश्नापूर नावाच्या काल्पनिक संस्थानाचा महाराजा झाला होता कॉनराड फाइट. बर्लिनच्या पूर्वेला वोल्टर्सडॉर्फजवळ, तळ्याकाठी, मायने स्वतःची चित्रनगरीच वसवली होती. शेजारीच चुनखडीच्या खाणी, त्यामुळे कडेकपारी आयत्या. तिथे राजवाडा उभा राहिला, देवळे उभी राहिली. लाकडी सांगाडा, वर जाळी, वर प्लॅस्टर, वर रंग. या हिंदुस्थानाचा मेळ आपल्याकडच्या कुठल्याच एका गावाशी बसत नाही, आणि बसवण्याची कुणाला गरजही वाटली नव्हती. पायऱ्या फार, मूर्ती फार मोठ्या, माणसे त्यांच्यापुढे फार लहान. जर्मन नायक या वास्तूत शिरतो तेव्हा प्रेक्षकाला आधी भिंती कळतात, महाराजा नंतर. इथे कायदा नाही, इथे लहर चालते, हे भिंतीच सांगून टाकतात.

आपल्याकडच्या वाचकासाठी इथे थोडे वळण घ्यायला हरकत नाही. या प्लॅस्टरी संस्थानाची मूळ लेखिका हार्बो हिने पुढे, लांगपासून वेगळी झाल्यावर, बेळगावकडच्या आयी गणपत तेंडुलकर यांच्याशी बर्लिनमध्ये गुपचूप विवाह केला. तेंडुलकर तिथे शिकत आणि पत्रकारिता करत होते. परत आल्यावर त्यांनी बेळगावात वृत्तपत्र चालवले. दुसरा धागा मालाडचा. १९३४ मध्ये हिमांशू राय यांनी बॉम्बे टॉकीज काढली तेव्हा दिग्दर्शक फ्रान्झ ओस्टेन आणि छायालेखक योझेफ विर्शिंग यांच्याप्रमाणेच सेटचे कामही एका जर्मन वास्तुकाराकडे आले, कार्ल फॉन श्प्रेटी. बव्हेरियाचा हा उमराव नंतर पश्चिम जर्मनीचा खासदार आणि राजदूत झाला, आणि १९७० मध्ये ग्वातेमालात अपहरणकर्त्यांनी त्याचा खून केला. श्प्रेटीला मालाडात राहून, इथल्या सुतारांसोबत, इथल्या प्रेक्षकांना पटेल असे गाव उभे करायचे होते. घराची जोती चुकली तर बघणारा हसणार, हा धाक त्याला होता. हुंटेला तो धाक नव्हता. वोल्टर्सडॉर्फच्या प्रेक्षकाला एश्नापूर चुकले हे कळणारच नव्हते.

हुंटेची पहिली शाळा म्हणून मी याकडे बघतो. जिथे प्रेक्षक कधी गेला नाही आणि जिथली माणसे त्याच्या ओळखीची नाहीत, अशी जागा पटेल अशी बांधायची. त्या जागेनेच माणसांचा स्वभाव ठरवायचा. या कामात तो फार लवकर फार चांगला झाला.

वोर्म्स आणि हूणांची बिळे

पुढची आठ-नऊ वर्षे लांगची. १९२२ चा 'डॉ. माबुझे' कार्ल श्टाल-उराख याच्यासोबत, मग १९२४ मध्ये मध्ययुगीन जर्मन महाकाव्यावरचा दोन भागांचा 'डी निबेलुंगेन'. हुंटे, केटेलहूट आणि फोलब्रेख्ट हे त्रिकूट इथे घट्ट झाले. ढोबळ वाटणी अशी सांगतात की कल्पना आणि रंगचित्रे हुंटेची, तांत्रिक आराखडे आणि मॉडेल केटेलहूटचे, आणि प्रत्यक्ष उभारणी फोलब्रेख्टची. केटेलहूटच्या आठवणी त्याच्या मृत्यूनंतर तीस वर्षांनी, २००९ मध्ये पुस्तकरूपाने आल्या. पुस्तकाचे नाव 'वास्तुकाराची सावली'. नाव वाचूनच कळते की श्रेयाच्या वाटपावर तो खूश नव्हता. 'मेट्रोपोलिस'ची सर्वांत गाजलेली शहरचित्रे, तो बाबेलचा मनोरा, ती थरांवर थर रचलेली रस्त्यांची दरी, केटेलहूटच्या हातची आहेत. म्हणून 'हुंटेने केले' असे मी लिहितो तिथे 'हुंटेच्या विभागाने केले' असे वाचावे. सिनेमाच्या कलाविभागात एकट्याचे असे फारसे काही नसतेच.

'निबेलुंगेन'चे जंगल बर्लिनजवळच्या नॉयबाबेल्सबर्ग स्टुडिओच्या आवारात बांधले होते. हो, बांधले होते. खरी झाडे लांगला चालणार नव्हती. प्रचंड घेराचे, सरळसोट, फांद्या नसलेले बुंधे सांगाड्यावर प्लॅस्टर थापून उभे केले, त्यांच्यामधून प्रकाशाचे पट्टे सोडले, आणि त्या खांबांच्या दिवाणखान्यातून नायक झिगफ्रीड पांढऱ्या घोड्यावरून येतो. अजगर फोलब्रेख्टने बनवला, तो आतून माणसे चालवत. हे सगळे आजही डोळ्यांत भरते. पण मला महत्त्वाचा वाटतो तो पहिल्या आणि दुसऱ्या भागातला फरक.

पहिला भाग वोर्म्सच्या बुर्गुंडी दरबाराचा. तिथे प्रत्येक गोष्ट समतोल आहे. जिना मधोमध, कमान मधोमध, शिपाई कुंपणाच्या खुंट्यांसारखे सारख्या अंतरावर. कपड्यांवरचे नक्षीकाम आणि भिंतीवरचे नक्षीकाम एकाच जातीचे. झिगफ्रीड क्राकाउअर या समीक्षकाने १९४७ मध्ये या दृश्यांवर बोट ठेवले होते, की इथे माणसांचाच अलंकार झाला आहे आणि नाझी मेळाव्यांच्या रचनेची चाहूल इथे लागते. क्राकाउअर कधी कधी मागे बघून पुढचे भविष्य सांगतो, म्हणून मी त्याला पूर्ण मानत नाही. पण दुसऱ्या भागात गेले की त्याच्या म्हणण्याला एक वेगळाच पुरावा मिळतो, आणि तो सेटमध्ये आहे. झिगफ्रीडची विधवा, बुर्गुंडी राजकन्या क्रीमहिल्ड हूणांच्या देशात जाते. तिथे एकही सरळ रेषा नाही. घरे म्हणजे मातीचे ढिगारे, दारे म्हणजे बिळे, लोक वाकून आत शिरतात, झाडांवर लोंबकळतात, जमिनीवर बसून खातात. या हूणांचे वेश आणि हत्यारे कुणी पुरवली? हाइन्रिख उमलाउफने.

म्हणजे संवादाची एकही पाटी न लावता चित्रपट दोन लोकसमूहांची प्रतवारी लावून मोकळा होतो. सरळ रेषेत राहतो तो थोर, बिळात राहतो तो हीन. कथेत बुर्गुंडी दगाबाज आहेत आणि हूणांचा राजा एट्झेल बराच माणसासारखा वागतो. सेट मात्र कथेचे ऐकत नाही. तो आपले वेगळेच म्हणणे रेटत राहतो. कथेपासून सुटून सेट असा स्वतः बोलू शकतो, हे हुंटेच्या विभागाला १९२४ मध्ये पुरते कळलेले होते.

'मेट्रोपोलिस'मध्ये हीच युक्ती उभी केली. वर बाग, कारंजी, मालकांच्या मुलांचे क्रीडांगण. मध्ये यंत्रे. खाली कामगारांची वस्ती, एकसारख्या खिडक्यांच्या ठोकळ्यांची. चित्रीकरण मे १९२५ ते ऑक्टोबर १९२६ असे चालले, खर्च पन्नास लाख राइशमार्कच्या वर गेला आणि चित्रपट बनवणारी उफा कंपनी कर्जाच्या खोल पाण्यात सापडली. इतका मोठा सेट प्रत्यक्ष बांधणे कुणालाच परवडणारे नव्हते. उपाय काढला छायालेखक ऑयगेन श्युफ्टानने. कॅमेऱ्यासमोर पंचेचाळीस अंशांत आरसा ठेवायचा. बाजूला ठेवलेल्या छोट्या मॉडेलचे प्रतिबिंब त्यात पडते. आरशाच्या ज्या भागात माणसे दिसायला हवीत तेवढाच पारा खरवडून काढायचा, म्हणजे त्या उघड्या काचेतून पलीकडचा खरा, मोजकाच बांधलेला सेट आणि नट दिसतात. सगळे एकाच वेळी, एकाच फिल्मवर. क्रीडांगणाची खालची भिंत खरी आणि वरचे शिल्प आरशातले, ते असे. इथे कलाविभागाला नुसते चित्र काढून चालत नाही. मॉडेलचे प्रमाण, लेन्सची जागा, आरशाची कड, सेटच्या भिंतीची वरची रेघ, सगळे इंचाइंचाने जुळावे लागते. नाटकाचे पडदे रंगवणारा माणूस पाच-सहा वर्षांत इथवर आला होता.

१९२९ च्या 'फ्राउ इम मोंड'साठी त्यांनी स्टुडिओत चंद्र केला, त्यासाठी बाल्टिकच्या किनाऱ्यावरची वाळू आणली. अग्निबाणाच्या बाबतीत सल्लागार होता रॉकेटशास्त्रज्ञ हेर्मान ओबेर्थ. चित्रपट म्हणून तो मला लांबलेला वाटतो, पण उड्डाणतळाचा भाग अजूनही ताजा आहे.

बोलपट, आणि मग १९३३

बोलपट आला तेव्हा अनेक मूकपटवाले कोलमडले. हुंटे नाही. १९३० च्या 'डेअर ब्लाउए एंगेल'मध्ये त्याने एमिल हासलरसोबत बांधलेला बंदरगावाचा कॅबरे पाहा. प्रोफेसर राट कोंदट शृंगारखोलीत असतो, गोल जिन्याने खाली-वर होते, दार उघडले की गाण्याचा गलका आत, दार लोटले की शांतता. आवाजासाठी सेट कसा बांधायचा हे कुणालाच धड माहीत नव्हते, त्या वर्षी हे केलेले आहे. त्याच वर्षी त्याने 'डी द्राय फोन डेअर टांकश्टेले' या हलक्याफुलक्या संगीतपटासाठी पेट्रोलपंप उभारला. वाकड्या गल्ल्या आणि चकचकीत पंप, एका वर्षात, एकाच हाताने.

मग १९३३. २९ मार्चला उफाच्या संचालकांनी ज्यू कर्मचाऱ्यांना काढायचा निर्णय घेतला. जुलैत चित्रपटांसाठी सरकारी चेंबर निघाला, त्याचे सभासद नसाल तर काम नाही, आणि ज्यू असाल तर सभासदत्व नाही. लांग गेला. श्युफ्टान गेला. पेट्रोलपंपाच्या चित्रपटाचा दिग्दर्शक विल्हेल्म थीले गेला, आणि तो चित्रपट पुढे १९३७ मध्ये बंदच झाला. एश्नापूरचा महाराजा कॉनराड फाइट ज्यू पत्नीसह इंग्लंडला गेला. हुंटे राहिला. केटेलहूट राहिला, फोलब्रेख्ट राहिला. १९३४ च्या 'गोल्ड'मध्ये हुंटेने शिशातून सोने करणाऱ्या अणुयंत्राचा प्रचंड सेट उभा केला. तो इतका पटणारा होता की १९५३ मध्ये एका अमेरिकी विज्ञानपटाने त्यातली दृश्ये उचलून आपल्यात जोडली. १९३७ मध्ये शेरलॉक होम्सच्या नावावरची एक विनोदी कथा झाली. या वर्षांतले त्याचे बरेचसे काम असेच, निरुपद्रवी दिसणारे. राहिलेल्यांपैकी बहुतेकांची हीच कहाणी आहे, त्यावर जास्त थांबत नाही.

अर्धे कापलेले घर

'यूड झ्यूस'ची कथा अठराव्या शतकातल्या व्युर्टेम्बर्गची. योझेफ झ्यूस ओपनहायमर हा ड्यूकचा ज्यू अर्थसल्लागार खरोखर होऊन गेला. ड्यूक वारल्यावर त्याच्यावर खटला झाला आणि १७३८ मध्ये श्टुटगार्टला फाशी देऊन त्याचे प्रेत लोखंडी पिंजऱ्यात टांगून ठेवले. याच माणसावर १९३४ मध्ये लंडनला एक चित्रपट झाला होता, ज्यूंच्या छळाकडे सहानुभूतीने बघणारा. त्यात झ्यूस झाला होता कॉनराड फाइट. सेट आल्फ्रेड युंगेचे, तोही बर्लिनच्या उफात घडलेला जर्मन. युंगे आधीच इंग्लंडात काम करू लागला होता आणि तिथेच राहिला. पुढे पाइनवुडच्या स्टुडिओत हिमालय बांधून त्याने ऑस्कर मिळवले. तीच कथा, त्याच शाळेतला कलादिग्दर्शक, आणि उलट बाजू. 'माणूस काळाच्या ओघात वाहून जातो' असे कुणी म्हणाले की मला युंगे आठवतो. अर्थात युंगे नाझी सत्तेच्या आधीच बाहेर पडला होता, त्याची परीक्षा हुंटेइतकी कठीण झाली नाही, हेही खरे.

जर्मन चित्रपटाचे दिग्दर्शन फाइट हार्लानचे, सेट हुंटे आणि फोलब्रेख्ट यांचे. सुरुवात श्टुटगार्टला होते. शपथविधी, उत्सवाची गर्दी, मग अधिकारी श्टुर्मच्या घरात तरुण मुलगी आणि तिचा वाग्दत्त वर वाद्यापाशी बसून गातात. स्वच्छ, उजेडाची, बेताची सजवलेली खोली. मग व्युर्टेम्बर्गचे राजचिन्ह विरघळते आणि त्याच्या जागी हिब्रू अक्षरांची पाटी उमटते. आपण फ्रँकफुर्टच्या ज्यू गल्लीत येतो. अरुंद, अंधारी, गजबजलेली. झ्यूसच्या घराचा दर्शनी भाग कळकट, पण आत कपाट उघडले की दागिन्यांचा लखलखाट. बाहेर दळिद्र आणि आत लपवलेला खजिना, हा ज्यूंविषयीचा शतकानुशतकांचा जुना आरोप. इथे तो कुणी तोंडाने करत नाही, दार आणि कपाट करते.

वोर्म्स आणि हूणांची बिळे. सोळा वर्षांनी तीच मांडणी, त्याच दोन माणसांच्या हातची. फरक एवढाच की हूण उरलेले नव्हते, आणि फ्रँकफुर्टचे ज्यू १९४० मध्ये जिवंत होते.

नंतर झ्यूसमुळे ज्यूंवरची शहरबंदी उठते आणि गाठोडी, गाडे घेऊन लोक वेशीतून आत येतात. वेस इथे नुसती कमान नाही, तो उंबरठा आहे, आणि चौकट अशी बांधली आहे की येणारे लोक पुरासारखे वाटावेत. पण सर्वांत बोलका सेट लोहाराच्या घराचा. रस्ता झ्यूसच्या ताब्यात आलेला, लोहाराचे घर थोडे रस्त्यावर येते, म्हणून तो ते अर्धे पाडायला लावतो. पडद्यावर घर उभे चिरलेले दिसते. आतली खोली उघडी, संसार रस्त्यावर. लोहार हातोडा घेऊन झ्यूसच्या बग्गीवर धावून जातो आणि फासावर जातो. हे घर बांधायला मोठे कसब लागते. अर्धे पाडलेले घर पूर्ण घरापेक्षा अवघड असते, कारण कापलेल्या कडेवर भिंतीची जाडी, तुळईचे टोक, आतला रंग, सगळे खरे दिसावे लागते. आणि ते इतके खरे दिसते, की एका परक्याने आपले घर कापले हा राग प्रेक्षकाला समजावून सांगावा लागत नाही.

३० सप्टेंबर १९४० रोजी नाझींच्या एसएस या निमलष्करी दलाचा प्रमुख हिमलर याने सगळ्या एसएस आणि पोलीस दलांना हा चित्रपट दाखवण्याचा आदेश काढला.

युद्धानंतर हार्लानवर हॅम्बुर्गच्या न्यायालयात खटला झाला. सक्ती होती, नकार देणे शक्य नव्हते, असा त्याचा बचाव. तो सुटला. या सगळ्या चर्चेत सेटचा विषय आला असता तर काय झाले असते? बहुधा काहीच नाही. कायद्याच्या नजरेत सुतारकाम म्हणजे सुतारकाम. मी कायद्याविषयी बोलत नाही. 'तो फक्त कारागीर होता' हे वाक्य हुंटेच्या बाबतीत त्याचा अपमान करते, एवढेच म्हणतो. भिंत काय बोलते हे ज्याला जर्मनीत सर्वांत चांगले कळत होते, त्याला ही भिंत काय बोलते हे कळले नसेल असे मानायला मी तयार नाही.

क्ष-किरणांच्या काचा

१७ मे १९४६ रोजी सोव्हिएत प्रशासनाच्या परवान्याने देफा ही कंपनी सुरू झाली. दिग्दर्शक वोल्फगांग श्टाउडेच्या हातात 'खुनी आपल्यातच आहेत'ची पटकथा होती आणि ती करायला परवानगी देणारे फक्त सोव्हिएतच निघाले. श्टाउडेने स्वतः 'यूड झ्यूस'मध्ये छोटी भूमिका केली होती. त्याच्या दोन छायालेखकांपैकी एक, फ्रीडल बेन-ग्रुंड, याने १९४१ मध्ये अपंगांच्या हत्येची भलामण करणारा चित्रपट टिपला होता. सेटसाठी आले हुंटे आणि ब्रुनो मोंडेन. नाझी गुन्ह्यांवरचा पहिला चित्रपट या माणसांनी केला. दुसरी माणसे आणायची कुठून? जी गेली होती ती हॉलिवुडात आणि लंडनात होती, जी मारली गेली ती मारली गेली होती.

बाहेरची दृश्ये खऱ्या भग्न बर्लिनमध्ये घेतली. कुठल्याही कलादिग्दर्शकाने काढली नसती अशी चित्रे रस्त्यारस्त्यावर उभी होती, छप्पर नसलेली, उभी चिरलेली घरे. हुंटेच्या वाट्याला आले आतले काम. झुझाने छळछावणीतून सुटून आपल्या घरी परतते, तर तिथे मेर्टेन्स नावाचा उद्ध्वस्त डॉक्टर राहतोय. खिडक्यांना काचा नाहीत. मेर्टेन्स त्यांच्या जागी क्ष-किरणांच्या फिल्म लावतो, आणि उजेड माणसांच्या बरगड्यांमधून खोलीत येतो.

आता दुसरे घर. मेर्टेन्सचा युद्धातला वरिष्ठ ब्र्युकनर, ज्याने पोलंडमध्ये नाताळच्या रात्री निरपराधांना गोळ्या घालायला लावल्या, तो मजेत आहे. लोखंडी शिरस्त्राणांपासून स्वयंपाकाची भांडी बनवणारा त्याचा कारखाना चालू आहे. त्याचे घर ऊबदार, नीटनेटके, टेबल मांडलेले, बायको-मुले जेवायला बसलेली.

म्हणजे प्रतवारी उलटली. हुंटेच्या सेटमध्ये नीटनेटकेपणा नेहमी भल्या माणसांच्या बाजूला असे. वोर्म्सचा दरबार, श्टुर्मची गाण्याची खोली. इथे नीट मांडलेले घर खुन्याचे आहे, आणि बीळ झालेले घर छावणीतून आलेल्या स्त्रीचे. उलटवले ते पटकथेने, त्याचे श्रेय श्टाउडेचे. पण ते पडद्यावर उतरले ते भिंतींतून. ब्र्युकनरचे घर जरा जास्त ऐटबाज केले असते तर तो खलनायक वाटला असता. ते साधे ठेवले, शेजाऱ्याचे वाटावे इतके साधे, म्हणून शीर्षक खरे ठरते. हा हात शिकाऊ माणसाचा नव्हे. यावरून हुंटेला पश्चात्ताप झाला होता असे कुणी म्हणू नये. ज्या हातोटीने ज्यू गल्ली बांधली त्याच हातोटीने हे घर बांधता येते, हीच तर या प्रकरणाची अडचण आहे.

देफासाठी त्याने आणखी थोडे काम केले, १९४७ चा 'राझिया' हा काळ्याबाजारावरचा पोलीसपट त्यातला. मग थांबला. बर्लिनच्या वेशीवरच्या बाबेल्सबर्गातच, २८ डिसेंबर १९६० रोजी तो वारला. आदल्याच वर्षी लांगने एश्नापूरची कथा पुन्हा केली होती, रंगीत, आणि या वेळी कॅमेरा घेऊन तो खरोखर उदयपूरला आला होता.

आज 'मेट्रोपोलिस' युनेस्कोच्या जागतिक स्मृतिठेव्यात आहे. 'खुनी आपल्यातच आहेत' सिनेमाच्या अभ्यासक्रमांत लावतात. 'यूड झ्यूस' जर्मनीत राखीव यादीत आहे. तो दाखवायचा तर आधी प्रस्तावना आणि नंतर चर्चा बंधनकारक असते, आणि चर्चा साहजिकच गोबेल्स, हार्लान आणि नटांभोवती फिरते. कलादिग्दर्शनाच्या वर्गात हे प्रकरण घ्यायचे तर मी कुठलाच चित्रपट पूर्ण दाखवणार नाही. हूणांच्या देशातला क्रीमहिल्डचा प्रवेश, फ्रँकफुर्टची गल्ली, लोहाराचे घर आणि ब्र्युकनरचे जेवणाचे टेबल, एवढे चार तुकडे, आवाज बंद करून. आणि प्रत्येक तुकड्यानंतर विद्यार्थ्यांना एकच काम: इथे राहणारा माणूस कसा आहे ते लिहा, आणि ते तुम्हाला कुठल्या भिंतीने, दाराने किंवा खिडकीने सांगितले ते नकाशावर खूण करून दाखवा.